केसभर पुढे

महाराष्ट्रातल्या कुठल्याही जुन्या सोसायटीत रविवारी सकाळी नऊ ते साडेबाराच्या दरम्यान एक बॉनेट उघडं असतं. डोंबिवलीत असतं, सदाशिव पेठेत असतं, नाशिकला असतं, कोल्हापुरात तर हमखास असतं. बॉनेटखाली एक गृहस्थ कमरेपासून आत गेलेले असतात आणि जाणारे-येणारे "काका गाडी दुरुस्त करतायत" असं म्हणून दुधाची पिशवी हलवत पुढे जातात. हा समज मुळातून चुकीचा आहे. दुरुस्तीला शेवट असतो. वस्तू बंद पडलेली असते, ती चालू होते, माणूस साबणाने हात धुतो आणि जेवायला बसतो. काकांची गाडी बंद नसते. ती पहिल्या सेल्फला चालू झालेली असते आणि तिथूनच कामाला सुरुवात होते. काका टायमिंग लावत असतात. टायमिंग लावणं आणि टायमिंग लागणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. माझं म्हणणं असं आहे की काकांना पहिली हवी असते, दुसरीची मात्र त्यांना मनातून धास्ती असते. म्हणणं जरा उद्धट आहे, म्हणून पुराव्यानिशी मांडतो.

आधी ओळख पटवून घेऊ, कारण जुन्या गाडीभोवती रविवारी दिसणारा प्रत्येक पुरुष या जातीतला नसतो. बादली आणि पिवळं फडकं घेऊन गाडी पुसणारा वेगळा. त्याला गाडीचं बाहेरचं अंग पुरतं. फेटा बांधून, शेजारी पैठणी नेसलेली पत्नी बसवून विंटेज रॅलीत हात हलवत जाणारा वेगळा. त्याच्या गाडीचं बॉनेट उघडायला पगारी माणूस असतो. टायमिंगवाल्या काकांची गाडी विंटेजसुद्धा नसते. केंद्र सरकारच्या २०२१ च्या नियमांनुसार विंटेज म्हणवून घ्यायला पहिल्या नोंदणीपासून पन्नास वर्षं उलटावी लागतात, आणि काकांची प्रीमियर पद्मिनी बहुधा चाळिशीत अडकलेली असते. जुनी म्हणून नाकं मुरडावीत इतकी ती जुनी आहे, मान मिळावा इतकी नाही. कुर्ल्याच्या कारखान्यातून १९६४ साली फियाट ११०० डिलाइट या नावाने ही गाडी निघायला लागली, १९७४ च्या सुमारास तिचं पद्मिनी असं बारसं झालं, आणि विसावं शतक संपता संपता ती बंद झाली. चार सिलिंडर, १०८९ सीसी, आणि नंबर लावून वर्षानुवर्षं वाट पाहायला लावण्याची ताकद. काही काकांकडे अँबॅसिडर असते, थोड्यांकडे कार्ब्युरेटरवाली मारुती ८००. मारुतीवाल्यांना पद्मिनीवाले मनापासून आपलं मानत नाहीत. तीन सिलिंडरच्या गाडीला कसलं आलंय टायमिंग, असं त्यांचं मत आहे, जे तांत्रिकदृष्ट्या चूक आणि सामाजिकदृष्ट्या ठाम आहे. वेषावरूनही काका ओळखू येतात. एके काळी ऑफिसला जाणारा अर्ध्या बाह्यांचा शर्ट, त्याच्या खिशात पेनाच्या जागी फिलर गेज, खांद्यावर टेस्ट लॅम्पची वायर. बोटांच्या पेरांतलं काळं सोमवारी बँकेत पासबुक पुढे करतानाही तसंच असतं आणि ते लपवण्याची कसलीही धडपड दिसत नाही.

आता टायमिंग. सिलिंडरमध्ये पेट्रोल आणि हवेचं मिश्रण दाबलं जातं, प्लगची ठिणगी ते पेटवते, एवढं शाळेत शिकवतात. शाळेत न शिकवलेली गोष्ट अशी की मिश्रण पेटलं म्हणजे लगोलग जोर मिळत नाही. ज्योत पसरायला ढोबळमानाने दोनेक सहस्रांश सेकंद लागतात आणि तेवढ्यात इंजिन काही खोळंबून राहत नाही. मिनिटाला तीन हजार फेऱ्या चालू असताना क्रँक एका सहस्रांश सेकंदात अठरा अंश फिरून जाते. म्हणून पिस्टन माथ्यावर पोचायच्या आधीच ठिणगी द्यावी लागते. मग दाबाचा खरा जोर पिस्टन माथा ओलांडून खाली निघताना त्याच्यावर पडतो. घरात भात उतरायच्या आधीच "पानं घेतली आहेत" अशी हाक जाते ती याच हिशेबाने. मंडळी पेपर मिटून, हात धुऊन, पाटावर येईपर्यंत जाणारा वेळ त्या हाकेत धरलेला असतो. हाक फार लवकर गेली तर मंडळी रिकाम्या ताटासमोर वाट्या वाजवत बसतात. इंजिनात त्याला नॉकिंग म्हणतात. उशिरा गेली तर भात निवतो. इंजिनाच्या बाबतीत त्याला पिकअप नाही असं म्हणतात, शिवाय गाडी तापते ती वेगळीच.

गोम अशी आहे की ठिणगीचा हा आगाऊपणा एकदा ठरवून मोकळं होता येत नाही. गाडी धिमी चालू असताना तो थोडा लागतो, वेग वाढला की जास्त लागतो. चढावर ॲक्सिलरेटर दाबलेला असताना वेगळा, सपाटीवर रमतगमत जाताना वेगळा. पेट्रोल बदललं की बदलतो, इंजिनात कार्बन साठला की बदलतो, मुंबईच्या हवेत एक असतो आणि महाबळेश्वरला दुसरा. सुरुवातीच्या मोटारींत तर हा कारभार चालवणाऱ्याच्याच हातात होता. फोर्डची मॉडेल टी १९०८ पासून १९२७ पर्यंत निघत होती. तिच्या स्टेअरिंगखाली डावीकडे ठिणगी मागेपुढे करायची दांडी होती आणि गाडी चालवता चालवता ती हलवत राहावी लागे. पुढे डिस्ट्रिब्युटरच्या पोटात वजनं आणि स्प्रिंगा बसल्या. गॅरेजात सगळे त्याला डेल्को म्हणतात. वेग वाढला की वजनं बाहेर फेकली जातात आणि ठिणगी आपोआप पुढे सरकते. पुष्कळ गाड्यांत त्याच्या जोडीला इंजिनाच्या ओढीवर हलणारा एक पडदाही असतो. मालकाच्या वाट्याला उरला तो डेल्कोच्या मानेखालचा एक नट. तो सैल केला की अख्खा डेल्को हाताने फिरवता येतो, आणि वजनं-स्प्रिंगा कुठून मोजायला सुरुवात करणार ते ठरतं. काकांचं सारं साम्राज्य त्या एका नटाएवढं आहे. पण त्या साम्राज्याला कायदेशीर अधिष्ठान आहे हे लक्षात घ्या: एकच एक बरोबर टायमिंग असं जगात काही नसतं. असते ती सगळ्या परिस्थितींतली एक तडजोड. आणि तडजोड म्हटली की तिच्यात सुधारणेला वाव आलाच.

प्रत्यक्ष विधी पाहिला की हा वाव कसा वापरला जातो ते कळतं. काकू ड्रायव्हरच्या सीटवर, काका बॉनेटखाली, मध्ये उभा पत्रा. संवाद एकशब्दी असतो. "मार." सेल्फ लागतो. "रेस दे." इंजिन चढतं. "सोड. सोड म्हटलं ना!" काकूंनी सोडलेलंच असतं, इंजिन उतरायला वेळ लागतो. "काय झालं?" "काही नाही. परत." काका डाव्या हाताने डेल्को धरतात, मान उजवीकडे कलती करतात, डोळे मिटतात आणि चेहऱ्यावर असा भाव आणतात की गच्चीवर कपडे वाळत घालणारी माणसंसुद्धा बादली हळू ठेवतात. डेल्को अमुक दिशेला फिरवला की आवाज मोकळा होतो, इंजिनाचे फेरे वाढतात. तमुक दिशेला फिरवला की ते खोल जातं, धडधडायला लागतं. या दोन टोकांच्या मध्ये कुठेतरी थांबायचं असतं आणि ते तिसऱ्या-चौथ्या "मार"लाच थांबून झालेलं असतं. हे काकूंनाही कळलेलं असतं. इतक्या वर्षांच्या रविवारांनंतर त्यांचा कान काकांपेक्षा तयार झालेला असतो, कारण त्यांना तिथे दुसरं काही करायचंच नसतं. त्यांचं "झालंय की, अहो" हे वाक्य यंत्रशास्त्राच्या दृष्टीने त्या सकाळचं सगळ्यात अचूक विधान असतं. काका त्यावर म्हणतात, "केसभर पुढे घेऊन बघू."

हा केस मोजून बघण्यासारखा आहे. डेल्कोच्या अंगाचा व्यास साठेक मिलिमीटर धरू. त्याची कड एक मिलिमीटर सरकली की डेल्को जवळपास दोन अंश फिरला. डेल्कोची दांडी क्रँकच्या निम्म्या गतीने फिरते, त्यामुळे क्रँकच्या हिशेबात ते चार अंश झाले. माणसाचा केस ढोबळमानाने मिलिमीटरच्या पंधराव्या हिश्शाइतका जाड असतो. म्हणजे केसभर पुढे घेणं म्हणजे क्रँकचा साधारण पाव अंश. आता चाळीस वर्षं फिरून झिजलेल्या डेल्कोच्या बुशमध्ये जी ढिलाई असते तीच याहून मोठी असते. म्हणजे काकांनी हात लावायच्या आधी ती गाडी स्वतःहूनच दर फेऱ्याला केस-दोन केस मागेपुढे करत असते. शिवाय नट आवळताना पाना डेल्कोला थोडा ओढतोच, आणि मिळवलेला केस तिथेच परत जातो. असा फरक माणसाच्या कानाला कळणं शक्य नाही. काकांना तो कळतो. "आता बघ, कशी मऊ झाली," असं ते म्हणतात, आणि पत्र्याच्या पलीकडून काकूही "हो, झाली खरी" म्हणतात, कारण डाळ शिजत लावलेली असते.

यावर पहिला आक्षेप जाणकार घेतील. टायमिंग खरंच सरकतं, असं ते म्हणतील, आणि ते खरं आहे. डेल्कोमधला पॉइंट कॅमवर घासत उघडतो-मिटतो, आणि तो उघडला की ठिणगी पडते. चार सिलिंडरच्या इंजिनात तीन हजार फेऱ्यांना तो सेकंदाला शंभर वेळा उघडतो. त्याच्या बुडाशी असलेला फायबरचा ठोकळा झिजतो, गॅप कमी होतो आणि ठिणगी उशिरा पडायला लागते. तेव्हा अधूनमधून गॅप बघणं आणि टायमिंग लावणं हे ज्याच्याकडे पॉइंटवाली गाडी आहे त्याचं कर्तव्यच. पण ही झीज गाडी चालवल्याने होते, उभी ठेवल्याने नाही. हजारो किलोमीटर झाल्यावर जे बघायचं ते काका दर आठवड्याला बघतात, आणि दोन रविवारांच्या मध्ये ती गाडी फार तर पेट्रोल पंपापर्यंत गेलेली असते. तरीही दर रविवारी टायमिंग हललेलं निघतं, यात मुळीच खोटं नाही. कारण काका आधी पॉइंट काढतात. काढल्यावर काच कागदाने घासतात. घासल्यावर परत बसवतात, फिलर गेजची पाती घालून गॅप लावतात, पाती जरा घट्ट सरकली की सैल करतात, सैल सरकली की घट्ट. गॅप हलला की टायमिंग हलतं, हा नियमच आहे: गॅप मोठा झाला की पॉइंट लवकर उघडतो. आणि मग स्वच्छ मनाने, हातात पुरावा घेऊन काका जाहीर करतात की टायमिंग गेलंय. रोगी आणि वैद्य एकाच घरातले असले की दवाखाना कायम चालतो.

दुसरा आक्षेप पेट्रोलच्या बचतीचा. तो काका स्वतःच घेतात, तोही गंभीर आवाजात, कारण मराठी माणसाच्या छंदाला बचतीचं प्रमाणपत्र लागतं. नीट लावलेल्या टायमिंगने ॲव्हरेज सुधारतं हे निर्विवाद. पण हिशेब करू. समजा गाडी आठवड्याला दहा किलोमीटर चालते आणि लिटरला बारा किलोमीटर देते. म्हणजे आठवड्याचा खर्च एका लिटरच्या आतच. टायमिंगच्या कृपेने त्यात दहा टक्के बचत झाली असं उदार मनाने धरलं, तर वाचलं पाऊण ते एक डेसिलिटर, किंमत आठ-दहा रुपये. रविवारी तीन तास "रेस दे, सोड" करण्यात, आणि नंतर "एक चक्कर मारून बघतो" म्हणून कोपऱ्यापर्यंत दुसऱ्या गिअरमध्ये ताणत नेण्यात जे जळतं त्याचा हिशेब या खात्यात धरायचा नसतो. तो चाचणीचा खर्च.

पीयूसीचंही तसंच. भारत स्टेज दोनच्या आधीच्या पेट्रोल गाड्यांना कार्बन मोनॉक्साइडची मर्यादा तीन टक्के आहे. तो आकडा मुख्यत्वे कार्ब्युरेटरच्या मिश्रणावर ठरतो, टायमिंगचा त्यात वाटा थोडा. काकांच्या खतावणीत मात्र गाडी पास झाली की श्रेय टायमिंगला जमा आणि नापास झाली की दोष पेट्रोलच्या नावे.

पेट्रोलवरून निघणारा तिसरा आक्षेप मात्र खरोखर वजनदार आहे. काकांच्या बाजूने बोलायचं तर इथे बोलावं. गाडीबरोबर आलेल्या पुस्तकात जे अंश छापलेत ते त्या काळच्या पेट्रोलसाठी. ते साधं पेट्रोल ८७ ऑक्टेनचं आणि शिसं घातलेलं होतं. १ फेब्रुवारी २००० पासून देशभर शिसं गेलं, पुढे साध्या पेट्रोलचा ऑक्टेन ९१ वर आला, आणि २०२५ पर्यंत त्यात वीस टक्के इथेनॉल मिसळलं गेलं. ऑक्टेन वाढला की नॉकिंग उशिरा सुरू होतं, म्हणजे ठिणगी थोडी पुढे घ्यायला मुभा मिळते. इथेनॉलमुळे जुन्या कार्ब्युरेटरमधून जाणारं मिश्रण पातळ पडतं, जुनं रबर फुगतं ते निराळंच. तेव्हा पुस्तकातल्या खुणेवर डोळे मिटून विश्वास ठेवायचे दिवस गेले, आता कानानेच लावायला हवं, हे काकांचं म्हणणं योग्य आहे. पश्चिम महाराष्ट्रातल्या काकांची तर यात कौटुंबिक कोंडी होते. धाकटा भाऊ कारखान्याला ऊस घालतो, त्या उसाचं इथेनॉल होतं, ते पंपावर येतं आणि थोरल्याच्या कार्ब्युरेटरमध्ये उतरतं. दिवाळीला दोघे एकत्र आले की भाऊ उसाचा दर वाढायला हवा म्हणतो आणि काका टायमिंगचं काय ते विचारतात. पण नीट पाहिलं तर हा आक्षेप माझ्या म्हणण्याला बळच देतो. पेट्रोल बदललं म्हणून टायमिंग बदलावं लागतं, हे खरं. ते एकदा बदलावं लागतं. सरकारने धोरण दर रविवारी बदललेलं नाही.

आणि मग येतो तो पुरावा, ज्याच्यापुढे बाकीचे नुसते पूरक ठरतात. पॉइंट आणि कंडेन्सर काढून त्या जागी बसवायचे इलेक्ट्रॉनिक इग्निशनचे किट मिळतात. त्यात घासणारं काही नसतं, त्यामुळे झिजणारं काही नसतं, त्यामुळे सरकणारं काही नसतं. एकदा टायमिंग लावलं की विषय संपला. काकांना हे माहीत आहे. काकांच्या जावयाने वाढदिवसाला दिलेलं किट माळ्यावर आहे, असंही बऱ्याच घरांत आढळेल. ते बसवत नाहीत. का, असं विचारलं तर कारण तयार असतं: "रस्त्यात बंद पडलं तर? पॉइंट असला की काडेपेटीच्या कडेवर घासून माणूस घरी येतो." कारण बिनतोड आहे. पद्मिनीवाले रात्री-अपरात्री घाटात पॉइंट घासून घरी आलेले आहेत. फक्त काकांची गाडी आता कुठल्याच घाटात जात नाही, ती रस्त्यात बंद पडली तर घर दिसत असतं. टायमिंग लाइटचंही तेच. एक नंबरच्या प्लगच्या वायरवर चिमटा लावला की प्रत्येक ठिणगीबरोबर तो दिवा लुकलुकतो, आणि भरधाव फिरणाऱ्या पुलीवरची खूण त्या उजेडात एका जागी थांबलेली दिसते. अंश वाचायचे आणि नट आवळायचा. दोन मिनिटांचं काम. काकांकडे हा दिवा असतो, मूळ खोक्यात, थर्मोकोलसकट. तो वापरला जात नाही, कारण त्याच्या उजेडात पुलीवरची खूणच नव्हे, वादही थांबतो. "दिव्याने लावलेलं टायमिंग दिव्यालाच बरं," असं म्हणून काका डोळे मिटतात आणि मान कलती करतात.

वाद थांबू नये ही इच्छा एकट्याने पुरी होत नाही, त्यासाठी दुसरे काका लागतात. ते पलीकडच्या विंगमध्ये असतातच. या जातीत दोन पंथ आहेत. पुढे घेणारे आणि मागे ठेवणारे. पुढे घेणाऱ्यांची गाडी तडक उठते, बोलायला चुणचुणीत असते, आणि चढावर तिच्या पोटात कोणीतरी खिळे हलवल्यासारखा आवाज येतो, ज्याला ते "टॅपेट असतील" म्हणतात. मागे ठेवणाऱ्यांची गाडी कधी टकटकत नाही, पण तापते, आणि ओव्हरटेक करायचं तर आधी घरी विचारून यावं लागतं. हँडल मारून चालू करायच्या गाड्यांच्या काळात मागे ठेवण्याला शहाणपणाचा आधार होता. ठिणगी फार पुढे असली की हँडल उलटं फिरून मनगटावर येई, म्हणून जाणते लोक अंगठाही बाकीच्या बोटांच्याच बाजूला ठेवून हँडल धरत. सेल्फ आल्यावर तो धोका गेला, पंथ राहिला. दोन्ही पंथांचे काका एका बॉनेटवर वाकले की पहिला म्हणतो, "जरा मागे वाटत नाही?" आणि दुसरा म्हणतो, "उलट पुढेच आहे." पाना एकाच्या हातातून दुसऱ्याच्या हातात जातो. एक-तीन-चार-दोन हा ठिणग्यांचा क्रम दोघेही मोठ्याने म्हणून दाखवतात, त्याबद्दल दोघांत कसलाही मतभेद नसताना. साडेबारा वाजता डेल्को सकाळी होता तिथेच येऊन थांबतो, आणि दोघेही आपापलं बरोबर ठरलं या समाधानाने पांगतात.

हे सगळं जुन्या गाडीवरचं प्रेम आहे, असं कोणी हळव्या मनाचा वाचक म्हणेल. मला ते पटत नाही. जुन्या गाडीला जीव लावून जगलेली माणसं पाहायची तर मुंबईचे काळी-पिवळीवाले पाहा. पद्मिनीवर त्यांच्याइतकी भिस्त कोणाचीच नव्हती. तिच्यावर त्यांनी घरं चालवली, मुलं शिकवली. मुंबईत टॅक्सी म्हणून शेवटची पद्मिनी २९ ऑक्टोबर २००३ ला ताडदेवच्या आरटीओत नोंदली गेली आणि वीस वर्षांची मुदत संपल्यावर ३० ऑक्टोबर २०२३ पासून ती रस्त्यावर राहिली नाही. या लोकांनी गाडी सीएनजीवर नेली, सीएनजीची ज्योत हळू पसरते म्हणून टायमिंग पुढे घेतलं, आणि नट आवळून भाडं घ्यायला गेले. पुन्हा लक्षात आलं ते गाडी बोलायला लागल्यावरच. ज्याचं पोट गाडीवर आहे तो टायमिंग लावून मोकळा होतो. तेव्हा अखंड टायमिंग लावत राहण्याचा संबंध गाडीशी नसून माणसाच्या फुरसतीशी आहे. आणि मध्यमवर्गीय मराठी घरात फुरसत ही उघड करायची वस्तू नाही. रविवारी सकाळी पुरुष नुसता खुर्चीत बसलेला दिसला की घरातल्या प्रत्येकाला एकेक काम आठवतं. दळण आहे, माळा आहे, गॅसची नळी आहे, मावशींकडे डबा पोचवायचाय. वाचत बसला तरी चालत नाही, वाचणं म्हणजे बसणंच. पण कोपरापर्यंत ग्रीस लागलेल्या माणसाला दळणाचा डबा कोणी उचलायला सांगत नाही. त्याच्या हाती मूल देत नाहीत, फोन देत नाहीत, फार तर चहा देतात, तोही दुसऱ्याने धरून. सगळ्यांना दिसेल असं कष्टाचं, खर्च वाचवणारं, आणि कधीही न संपणारं काम: सोसायटीच्या आवारात याहून सुरक्षित जागा नाही. सरळ दिवा लावून दोन मिनिटांत मोकळं झाल्यावर उरलेल्या तीन तासांचं करायचं काय, याचं उत्तर टायमिंग लाइटच्या खोक्यात येत नाही.

शेवटचा आक्षेप पुढच्या पिढीचा असतो. मुलाच्या नव्या गाडीचं बॉनेट उघडलं की काळ्या प्लास्टिकचं झाकण दिसतं, खाली डेल्को नाही, नट नाही. टायमिंग संगणक बघतो, बाबा, तुमचा विषयच संपला. इथे मुलगा चुकतो आणि काका, न कळत, बरोबर ठरतात. त्या इंजिनाच्या अंगावर एक नॉक सेन्सर बसवलेला असतो, म्हणजे निव्वळ कान. संगणक ठिणगी पुढे घेत जातो, सेन्सरला टकटक ऐकू आली की झटकन मागे येतो, आणि मग पुन्हा हळूहळू पुढे सरकायला लागतो. गाडी चालू आहे तोवर हे थांबत नाही. त्याला कुठल्याच क्षणी टायमिंग लागलेलं नसतं. तो ते लावत असतो. जगभरच्या अभियंत्यांनी एवढी अक्कल खर्चून अखेर डबीत बसवले ते काकाच, फक्त "मार" म्हणायला काकू लागत नाहीत. आता ज्या गोष्टीला संगणकाच्या बाबतीत प्रगती म्हणायचं तिला काकांच्या बाबतीत रिकामटेकडेपणा म्हणणं हा अन्याय आहे, असं कोणी म्हटलं तर माझ्याजवळ उत्तर नाही. एवढंच म्हणता येईल की संगणक पाव अंश ओळखतो आणि काका ओळखत नाहीत. पण हा फरक काकूंसमोर बोलून दाखवण्यासारखा नाही.

ही जात लवकर नाहीशी होईल अशी चिन्हंही नाहीत. खासगी पेट्रोल गाडीची नोंदणी पंधरा वर्षांनंतर दर वेळी पाच वर्षांसाठी वाढवून मिळते आणि काका त्या कामासाठी आरटीओत न चुकता वेळेवर हजर असतात. तेव्हा तुमच्या आवारात बॉनेट उघडं असेल आणि काकू गावाला गेल्या असतील, तर कधीतरी "जरा सेल्फ मारता का?" अशी हाक तुम्हालाही येईल. जा. आधी गाडी न्यूट्रलला आहे का ते बघा, हँडब्रेक ओढा, सांगतील तेव्हा मारा आणि सांगायच्या आत सोडा. नंतर काका पत्र्याआडून डोकं काढून विचारतील, "कसं वाटलं?" तेव्हा "मगाचपेक्षा बरं" म्हणा. "एकदम बरोबर" मात्र चुकूनही म्हणू नका. अजून साडेदहाच वाजलेले असतात.